अकरा सवाऱ्यांचं विद्यापीठ

विद्यापीठाच्या परिपत्रकात अकरा हा आकडा कुठून आला, हे प्र-कुलगुरू डॉ. धम्मरत्न झनके यांच्याशिवाय कुणालाही माहीत नव्हतं, आणि ते सांगत नव्हते.

परिपत्रक तसं साधं होतं. ज्या खेड्यातल्या किमान अकरा बारावी पास बाया मिळून बी. ए.ला नाव घालतील, त्या खेड्यात विद्यापीठ आपल्या पायांनी येईल. रविवारी शिक्षक गावात जाऊन शिकवतील, परीक्षेच्या दिवशी गाडी दारात उभी राहील आणि फी माफ. सात वर्षांत बुलढाणा जिल्ह्यातल्या चाळीसेक गावांत ही योजना पोचली होती. धाड भागातल्या एका गावात तर सगळा गट पास झाला आणि पुढच्याच ग्रामसभेत बायांनी इतके प्रश्न विचारले की सरपंचांना अचानक तालुक्याला काम निघालं.

योजनेचं नाव झालं तशी अकराची कारणंही निघाली. शिक्षणशास्त्राच्या एका प्राध्यापकानं निबंध लिहिला: पाच जोड्या आणि एक गटप्रमुख, म्हणून अकरा हीच सहअध्ययनाची आदर्श संख्या. क्रीडा विभागाला वाटायचं की यामागे क्रिकेट आहे. संस्कृतच्या एका निवृत्त सरांनी त्यात अकरा रुद्र पाहिले. अशा परिसंवादांत धम्मरत्न व्यासपीठावर मधल्या खुर्चीत बसायचे, पुढ्यातल्या पाण्याच्या बाटलीकडे गंभीरपणे बघायचे आणि मान हलवायचे. एकदा दिल्लीहून आलेल्या समितीनं थेटच विचारलं. "क्षेत्रीय अनुभव," एवढंच ते म्हणाले. समितीनं ते लिहून घेतलं आणि खाली रेघ मारली.

तो क्षेत्रीय अनुभव म्हणजे पिंपळझरीच्या उकंडरावांची जीप होती.

धम्मरत्न मूळचे वडनेर भोलजीचे. वडनेर हमरस्त्यावर. धाब्यांवर बसून पोरगं बिघडेल, म्हणून वडिलांनी, माणिकरावांनी, त्याला बी. ए.साठी मोठ्या बहिणीच्या सासरी पिंपळझरीला धाडलं. सातपुड्याच्या पायथ्याशी, जळगाव जामोदहून अठरा किलोमीटर. तिथं बिघडायला काही साधनच नव्हतं. बहिणीचं नाव पंचफुला. ती स्वतः बारावी पास होती. पण निकाल लागला त्याच महिन्यात तिचं लग्नही लागलं, आणि घरच्यांनी दोन्हीचे पेढे एकातच वाटले.

गावातून तालुक्याला जायला एकच वाहन, उकंडरावांची जीप. ती अकरा सवाऱ्या भरल्याशिवाय हलत नसे. मागे लोंबकळणाऱ्यांना उकंडराव मोजत नसत. ते आपले सोबत. कुणाला हा लोभ वाटायचा, पण उकंडरावांच्या लेखी तो विज्ञानाचा प्रश्न होता.

बी. ए.च्या दुसऱ्या वर्षी अर्थशास्त्राचा पेपर होता. अकराचा पेपर आणि साडेआठपासून धम्मरत्न जीपमध्ये. नऊच्या सुमारास नऊ सवाऱ्या झाल्या आणि आकडा तिथंच बसला.

"उकंडभाऊ, माहा पेपर आहे ना."

"तं मी काय करू? लिहू तुह्या पेपरात? दोन सवाऱ्या कमी आहेत."

"मी आडवा बसतो. तीन माणसांची जागा अडवतो."

"आडवा बस नाहीतं उभा बस. वजन तं तेवढंच राह्यते ना बे! गाडी हलकी असली का नाल्यावर उडते. अकरा म्हंजे अकरा."

दहा वाजता एक म्हातारे बकरी घेऊन आले. बकरी अर्धी सवारी धरावी की नाही यावर जीपमध्ये चर्चा झाली. उकंडरावांनी मोठ्या मनानं ती अर्धी धरली. तरी अर्धी कमीच पडली. शेवटी कुणाची तरी गव्हाची दोन पोती आली आणि वजन जुळलं. धम्मरत्न परीक्षेच्या हॉलसमोर पोचला तेव्हा पावणेबारा वाजले होते. दार बंद होतं. आतून पंख्याचा आवाज येत होता आणि पन्नास माणसं एकदम पान उलटत होती. त्या आवाजासारखं एकटं पाडणारं दुसरं काही त्यानं पुढे आयुष्यात ऐकलं नाही. वर्ष गेलं. त्याच्यात आणि पदवीत अठरा किलोमीटर नव्हते, अर्धी बकरी होती.

घरी आल्यावर पंचफुलानं त्याच्यापुढे भाकर ठेवली आणि म्हणाली, "रडू नको. पुढच्या साली जीप आपण भरू."

आणि तिनं भरली. पुढच्या वर्षीच्या प्रत्येक पेपराला ती पहाटे गल्लीत फिरायची. एकीला सांगायची, बाजारात नव्या बांगड्या आल्या. दुसरीला, दवाखान्यात डोळे फुकट तपासून राह्यले. तिसरीला नुसतंच, चाल माह्यासंगं. साडेआठला जीपमध्ये दहा बाया आणि मधोमध अर्थशास्त्राचं पुस्तक धरून धम्मरत्न. बाया जळगाव जामोदला उतरायच्या, नव्या म्हणून सांगितलेल्या जुन्याच बांगड्या बघायच्या, पंचफुलाला चार शिव्या द्यायच्या आणि पुढच्या पेपराला परत यायच्या. घरातून निघायला कारण मिळत होतं, ते काही कमी नव्हतं. धम्मरत्न पास झाला तेव्हा चोपन्न टक्के त्याचे होते, पण वजन त्या दहा जणींचं होतं.

जळगाव जामोदच्याच कॉलेजात नोकरी लागल्यावर बायांना प्रवेश द्यायला तो गावोगाव सायकलनं हिंडू लागला, तेव्हा त्याला हीच गोष्ट उलट्या बाजूनं दिसली. एकट्या सुनेला कुणी कॉलेजला पाठवत नसे. दोघींना पाठवत नसे. चौघी निघाल्या की त्यांच्या चार सासवा निघायच्या. पण अख्खी जीप भरली की कुणी काही बोलत नसे. एकटी बाई म्हणजे 'कुठं चालली?' अकरा बाया म्हणजे कार्यक्रम.

या एका गोष्टीवर धम्मरत्न झनके प्राचार्य झाले, मग विद्यापीठात समान संधी विभागाचे संचालक झाले, मग प्र-कुलगुरू झाले. परिपत्रक त्यांनी स्वतः लिहिलं. पुढाऱ्यांची माणसं सहा नावं आणि एक चिठ्ठी घेऊन येऊ लागली, तेव्हा त्यांनी एक कलम वाढवलं: 'ही संख्या कोणत्याही सबबीवर शिथिल करता येणार नाही.' तेवढ्यानं भागेना, म्हणून संगणक विभागाला सांगून अशी सोय केली की अकरा नावं भरल्याशिवाय पडद्यावर प्रवेशाचं हिरवं बटण उगवणारच नाही. त्या बटणाचा त्यांना फार अभिमान होता. आपण गेल्यावरही ते कुणाचं ऐकणार नाही, असं ते म्हणत. आपण असतानाही ते आपलं ऐकणार नाही, हे त्यांच्या लक्षात आलं नव्हतं.

ते लक्षात आलं यंदाच्या जुलैत, प्रवेशाच्या शेवटच्या दिवशी, शनिवारी सकाळी अकरा वाजता. फोन पिंपळझरीहून होता, वंदनाचा. गावात गट जमवायचा म्हणून ही अंगणवाडीतली बाई दोन महिने दारोदार फिरली होती.

"सर, घोटाळा झाला. आमच्यातली वैष्णवी पोलीस भरतीत लागली."

"अरे वा! अभिनंदन सांग तिला."

"अभिनंदन काय सांगता सर, ते गेली ना ट्रेनिंगले! आम्ही दहाच राह्यलो. बटण येऊन नाही राह्यलं."

पिंपळझरीत योजना आजवर पोचली नव्हती, कारण गावात बारावी झालेल्या अकरा बाया कधी एकदम राहिल्याच नव्हत्या. यंदा प्रथमच जमल्या होत्या.

"सर, तुम्हीच तं आहात ना तिथं. दहावर घ्या."

"घेता येत नाही, वंदना. विद्या परिषद बसेल तेव्हा. पुढच्या महिन्यात."

"आज पाच वाजता बंद होते. अन् पुढच्या साली आमच्यातल्या अर्ध्या ऊसतोडीले नाहीतं पुण्याले जातीन. घरच्यायनं आत्ता हो म्हटलं, तेच लय झालं. तुमचं बटण बनवलं कोणं हो सर?"

"बघतो," धम्मरत्न म्हणाले, आणि गाडी काढायला सांगितली. गावात बारावी झालेली अकरावी बाई कोण, हे त्यांना माहीत होतं. गेल्या सात वर्षांत त्यांनी तिला तीनदा विचारलं होतं. एकदा तिचा गुडघा दुखत होता, एकदा म्हैस व्याली होती, आणि तिसऱ्यांदा तिनं कारणसुद्धा दिलं नव्हतं.

पिंपळझरीच्या फाट्यावर लिंबाखाली उकंडराव बसले होते. आता वय सत्तरीपुढचं. जीप कधीच भंगारात गेलेली, पण फाट्यावर बसायची सवय शाबूत.

"ये साहेब. बाया सांगून राह्यल्या, तुले एक सवारी कमी पडून राह्यली म्हणे." उकंडरावांनी तोंडातला तंबाखूचा खर्रा एका गालातून दुसऱ्या गालात नेला. "काऊन, दहावर नाही हालत तुही गाडी?"

"नाही हालत, उकंडभाऊ."

"मंग मले घे."

"तुम्ही चौथी पास."

"चौथी नापास," उकंडरावांनी दुरुस्ती केली. "पण वजन आहे ना."

पंचफुलाच्या अंगणात दहाजणी आधीच बसलेल्या होत्या. पंचफुला खाटेवर बसून तूर निवडत होती. तिनं मान वर केली नाही.

"आला? जेवला का?"

"जेवलो. ताई, तुला कळलंच असेल."

"कळलं. नाही."

"अजून मी विचारलं कुठं?"

"म्हणून तं आधीच सांगून राह्यली, तुहा टाइम वाचन."

साडेतीन वाजले होते. धम्मरत्न खाटेच्या कडेला टेकले. देशभरच्या परिसंवादांत बोललेलं सगळं त्यांनी एकामागून एक बाहेर काढलं. शिक्षणाला वय नसतं. बाबासाहेबांनी काय सांगितलं. दहा बायांचं वर्ष तुझ्या एका सहीवर आहे. पंचफुला खडे काढून बाजूला टाकत होती.

"झालं?" ती म्हणाली.

"झालं."

"लय चांगलं बोलतं तू. म्हणून तुले मोठं केलं त्याह्यनं." मग सूप खाली ठेवून तिनं सरळ त्यांच्याकडे पाहिलं. "आता माह्य ऐक. मी परीक्षेले बसली. नापास झाली, तं गाव काय म्हणन? पाह्य, परकुलगुरूची बहीण नापास. तुह्य नाक कापलं जाईन."

"ताई, तू नापास होणार नाहीस."

"मंग पास झाली. मंग काय म्हणतीन? भावानं पास केली. एकसष्ट वर्षांत माह्या नावानं एक गोष्ट नाही झाली धम्या. बारावी झाली, तं पेढे लग्नाचे झाले. आता बी. ए. झाली, तं ते बी तुहीच होईन. मले सांग, माह्यासाठी त्यात काय आहे?"

वंदनानं मोबाइलमध्ये वेळ पाहिली आणि तो उलटा ठेवला.

दारापर्यंत येऊन ज्यांना आत घेतलं गेलं नाही, अशी माणसं धम्मरत्न यांनी आयुष्यभर मोजली होती. पण त्यांच्याच मोठेपणाची सावली अंगणात पडली होती आणि एका बाईला तिच्यातून बाहेर पडता येत नव्हतं, हे त्यांनी कधी मोजलं नव्हतं. हिला पास व्हायची मुभा सगळेच देत होते. नापास व्हायची मुभा कुणी दिली नव्हती.

"काय केलं म्हणजे बसशील?" त्यांनी विचारलं.

पंचफुलाला हा प्रश्न अपेक्षित नव्हता.

"ग्रामपंचायतीच्या भोंग्यावरून सांग. साऱ्या गावाले. का तुहा संबंध नाही."

ग्रामपंचायतीचा भोंगा नळाला पाणी कधी येणार हे सांगायला होता. धम्मरत्न यांनी खिशातून पेन काढलं आणि लिहून वाचून दाखवलं: "सदर विद्यार्थिनी ही अधोस्वाक्षरीकर्त्याची भगिनी असून तिच्या परीक्षाविषयक कोणत्याही प्रक्रियेत अधोस्वाक्षरीकर्त्याचा प्रत्यक्ष वा अप्रत्यक्ष..."

"थांब. हा अधो कोण?"

"मी."

"मंग मी म्हण ना! हे आयकून लोकं म्हणतीन पाण्याचा टँकर येऊन राह्यला. अन् नापास शब्द पाह्यजे त्यात."

"नापास कशाला?"

"तोच तं पाह्यजे."

चार वाजून दहा मिनिटांनी प्र-कुलगुरू ग्रामपंचायतीच्या खोलीत माइकसमोर उभे राहिले. मागे अकराजणी. शिपायानं माइकवर तीनदा फुंकर मारली, तशी गावभर भांडी घेऊन माणसं दारात आली.

"मी धम्मरत्न झनके," ते म्हणाले, आणि आपला आवाज पलीकडच्या शाळेवर आपटून परत येताना त्यांनी ऐकला. "माही बहीण पंचफुला बी. ए.ले बसून राह्यली."

"पाण्याचं सांगा!" कुणीतरी ओरडलं.

"पंचफुला..." तीस वर्षं पदव्या वाटणाऱ्या माणसाला एक शब्द जड जात होता. "पंचफुला नापास होऊ शकते. नापास झाली तं मी तिले वाचवणार नाही. पास झाली तं तिच्या डोक्यानं झाली. माहा काही संबंध नाही."

फाट्यावरून उकंडरावांचा आवाज भोंग्याशिवायच आला, "मंग तुहा संबंध कायशी आहे बे?"

गाव हसलं. पंचफुलाही हसली, पदर तोंडाशी न नेता.

"पाणी कधी?" पुन्हा तोच आवाज. धम्मरत्न यांनी शिपायाकडे पाहिलं. शिपायानं सात बोटं दाखवली. "उद्या सकाळी सात वाजता," त्यांनी भोंग्यावरून जाहीर केलं. त्या दिवशीच्या भाषणाला पडलेली एकमेव टाळी त्या वाक्याला पडली.

घरी येऊन पंचफुलानं पेटीतून बारावीची गुणपत्रिका काढली. घडीवर फाटली होती, पण आकडे शाबूत होते. वंदनानं फोटो काढता काढता मोठ्यानं वाचलं, "एकसष्ट टक्के! आत्या, तुमाले सरांपेक्षा जास्त का हो?"

"त्याले इचार."

"मला चोपन्न," धम्मरत्न म्हणाले.

दहा बायांनी एकमेकींकडे पाहिलं. ज्या माणसानं आपल्याला शिकायला सांगितलं त्याचे गुण विचारायचं आपल्याला आधी सुचलं कसं नाही, असा तो भाव होता.

"विषय कोणता, आत्या? मराठी टाकू? सोपं आहे म्हणतात."

"अर्थशास्त्र टाक."

"ताई, ते अवघड जातं," धम्मरत्न न राहवून म्हणाले.

"तू बोलू नको. आत्ताच भोंग्यावर सांगितलं ना, संबंध नाही?"

नेटवर्क अंगणात नव्हतं. वंदना गोठ्याच्या कौलांवर चढली आणि तिथून एकेक गोष्ट खाली विचारू लागली. आईचं नाव? जन्मतारीख? पंचफुलाची कागदावरची जन्मतारीख एक जून निघाली, तशी खालच्या बाकी नऊजणींतल्या सहा जणींची निघाली, आणि सगळ्यांचे वाढदिवस एकदमच साजरे करायचं ठरलं. पाचला बारा मिनिटं असताना वरचे प्रश्न थांबले.

"वंदना?"

वर एक कौल सरकलं.

"वंदना, बटण?"

"आलं!" कौलं खडखडली. "हिरवं आलं! दाबलं मी!"

अंगणात जो गलका झाला त्यानं म्हैस दावं तोडून निघाली. तिला धरायला प्र-कुलगुरूंनाच धावावं लागलं, कारण बाकी सगळे मोबाइलभोवती होते.

ते हातपाय धुऊन परत आले तोवर पंचफुला खाटेवर नव्हती. आत नातवाच्या वहीत काहीतरी लिहीत होती. धम्मरत्न गाडीकडे निघाले, तेव्हा ती बाहेर आली आणि वहीचं फाडलेलं पान तिनं त्यांच्या हातात दिलं. वरच्या ओळीत स्वच्छ अक्षरात लिहिलं होतं: प्रति, मा. प्र-कुलगुरू साहेब. विषय: पुस्तके वेळेवर न मिळण्याबाबत.

"ताई, तुझा प्रवेश होऊन वीस मिनिटं झाली नाहीत."

"वंदना सांगून राह्यली, मागच्या साली बाजूच्या गावाले पुस्तकं परीक्षेच्या आठ दिवस आधी भेटली. खरं आहे का?"

धम्मरत्न यांनी वंदनाकडे पाहिलं. वंदना म्हशीकडे बघत होती.

"खरं आहे. त्याचं काय असतं, छपाईची प्रक्रिया..."

"तुमाले ते अर्जावर लिहून देता येईन," पंचफुला म्हणाली. तिनं भावाला तुम्ही म्हटल्याची ही पहिली वेळ होती. "आधी पोच द्या."

त्यांनी बॉनेटवर कागद ठेवून 'मिळाला' लिहिलं, सही केली, तारीख घातली. पंचफुलानं ते उजेडाकडे धरून तपासलं.

"शिक्का?"

"शिक्का ऑफिसात असतो."

"मंग सोमवारी ऑफिसात येतो आम्ही. किती वाजता राह्यता तुमी?"

"साडेदहाला."

"साडेदहा म्हंजे साडेदहा. मीटिंगमध्ये आहे म्हणून सांगू नका."

"नाही सांगत," प्र-कुलगुरू म्हणाले. ड्रायव्हरनं दार उघडलं होतं, पण ते आत बसले नाहीत. नेटवर्क मिळावं म्हणून गोठ्याच्या भिंतीवर चढले आणि तिथूनच त्यांनी छपाईवाल्याला फोन लावला.